कोपऱ्यातला संगणक

लातूरच्या ज्या क्लासमध्ये मी देगलूरहून येऊन शिकलो, तिथल्या सरांनी माझ्याकडून फी घेतली नव्हती. आमच्या घरातला पहिला पदवीधर मी त्यांच्यामुळे झालो. म्हणून नांदेडला नेटवर्कचं काम करू लागल्यावर त्यांचा फोन आला, तेव्हा मी पुढच्याच बसनं निघालो.

क्लासच्या मुलींच्या वसतिगृहात मोबाईलला बंदी होती. सराव परीक्षांसाठी एक संगणक खोली होती. मुली तिथं भलतंच बघतात, अशी सरांची तक्रार.

"परीक्षेची साइट तेवढी चालू ठेव. बाकी सगळं बंद."

नको त्या साइट अडवणाऱ्या फायरवॉलची नवी पेटी सरांना घ्यायची नव्हती. पडून असलेल्या सर्व्हरवर मी मोफत मिळणारा ओपन सोर्स हायपरवायझर टाकला. त्यानं एकाच यंत्राच्या पोटात अनेक आभासी यंत्रं चालवता येतात. त्यातल्या एकात फायरवॉल बसवली. सर्व्हरच्या एका पोर्टला बाहेरचं इंटरनेट जोडलं, दुसऱ्याला खोलीतले संगणक. आता प्रत्येकाची वाट फायरवॉलमधूनच होती.

चाचणी घेताना किनवटकडची एक मुलगी दारात येऊन उभी राहिली.

"दादा, रविवारी व्हिडिओ कॉल लागंल का?"

"नाही. ऑफिसातून घरी फोन करता येईल."

"माय मुकी-बहिरी हाय माझी. हातानं बोलती. फोन घेऊन काय करू?"

मी सरांकडे गेलो. कोपऱ्यातल्या एका संगणकाला रविवारी तासभर मोकळीक देता येईल, एका नियमाचं काम आहे, असं सांगितलं.

"तू इथं होतास तेव्हा घरी किती वेळा बोललास?" सर हसले. "म्हणून तर इथवर पोचलास."

त्यांच्यापुढं मला कधीच बोलता आलं नाही. तो नियम मी घातला नाही.

पुढं एका रविवारी अपडेटसाठी गेलो. फाटकाशी एक बाई उभी होती. वॉचमन तिला आवाज चढवून सांगत होता, "भेट महिन्याच्या शेवटी, मावशी." तिचं लक्षच नव्हतं. ती वर बघून हात हलवत होती. दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीत ती मुलगी होती, तिचेही हात भराभर चालले होते.

"किनवटाहून आली, साहेब," वॉचमन मला म्हणाला. "ही दुसरी खेप. मी तरी काय करू?"

तेवढ्यात सर बाहेर आले. त्यांनी वर पाहिलं, फाटकाकडं पाहिलं. मग आत गेले.

त्यानंतर गेलो तेव्हा गॅलरीला वरपासून खालपर्यंत पत्रे मारलेले होते. फायरवॉल नीट चालली होती. सरांनी कौतुक केलं, चहा पाजला.

निघताना वॉचमनला त्या बाईचं विचारलं.

"परवा आली होती. पत्र्याकडं बघत बसली, अन् संध्याकाळच्या बसनं गेली."