लेन्सवरचं झाकण

"मावशी, अजून एकदा खोका. मघाचा खोकला चेहऱ्यावर नीट आला नाही."

बोलणारा दिग्दर्शक पुण्याचा. मावशी म्हणजे माझी आई. कॅमेऱ्यामागे मी.

निपाणीतली तंबाखूची वखार. आईनं उभा जन्म तिथं जर्दा चाळला. झरोक्यातून ऊन तिरपं उतरत होतं, त्यात धूळ तरंगत होती. पडद्यावर ती धूळ सोन्यासारखी दिसते. आईच्या छातीत ती कशी साचली, ते कुठल्या लेन्समधून दिसणार?

आईनं चाळण खाली ठेवली. "सायब, खोकला म्हंजे काय नळ हाय व्हय? तोटी फिरवली की आला?"

शेजारच्या बाया हसल्या. तोही हसला. "मस्त बोलता हो मावशी! हेही घेऊ. पण आधी खोका."

आईनं माझ्याकडं पाहिलं. पोराचं काम अडू नये, एवढंच त्या नजरेत होतं. ती खोकली. आधी खोटं. मग ते खरं झालं. थांबेना. ती कमरेत वाकली, हात हवेत आधार शोधू लागला.

"कट करू नकोस," तो माझ्या कानाशी पुटपुटला. "जवळ जा. हेच पाहिजे होतं."

संकेश्वरच्या लग्नांपासून मी कॅमेरा धरला. पुढं बेळगावात बातम्या, जाहिराती, मग माहितीपट. एका लग्नघरात देवघराच्या उंबऱ्याशी मला अडवलं होतं. "कॅमेरा आत द्या, पोरगं भायेर थांबू दे." मी दिला होता. थांबलो होतो.

वखारीत मात्र हात खिशात गेला. झाकण काढलं. लेन्सवर बसवलं.

"मूर्ख आहेस का?" तो ओरडला. "तुमच्यातल्या माणसाच्या हाती कॅमेरा दिला, ही माझीच चूक."

मी आईला पाणी पाजलं. धाप लागलेली असतानाही ती म्हणाली, "काम सोडू नगं रं."

मी सोडलं.

दिवाळीआधी आई गेली. शेवटी शेवटी तिला बोलताही येत नव्हतं.

परवा त्याचा फोन आला. "वाईट झालं रे. फिल्म संपत आली आहे. एकच शॉट राहिलाय, वखारीतली त्यांची रिकामी जागा. तूच काढ. तुझ्या हातून ते दुःख बरोबर उतरेल."

"कळवतो," म्हणालो.

मग त्या दिवसाचं चित्रण लावलं. एक प्रत मी नेहमीच ठेवतो. झाकण लावलं, पण रेकॉर्डिंग बंद केलं नव्हतं. चित्र काळं. आवाज शाबूत. आईचा खोकला, आणि त्यावर त्याचं ओरडणं.

माहितीपटात दिग्दर्शकाचा आवाज कापून टाकतात, ही आमच्या धंद्यातली रीत. खोकणारा दिसतो. खोकायला लावणारा कुणाला ऐकूही येत नाही.

मी कापणार नाही. आईची रिकामी जागा त्याला मिळणार नाही. माझी फिल्म त्या काळ्या पडद्यानं सुरू होईल. निपाणीत, वखारीतल्या बायांसमोर. त्यालाही बोलावीन. पहिल्या रांगेत बसवीन.

आणि दारं लावून घेईन.