अर्धं राहिलेलं गाणं
मित्राची कॅसेट मीच पुसली आणि दोष टेपरेकॉर्डरवर ढकलला. गोंदियाजवळच्या गोरेगावच्या लग्नाच्या बँडात तो ड्रम वाजवायचा. गोंदियाहून आणलेल्या त्या इंग्रजी रॅपच्या कॅसेटमध्ये मशीनचा ठेका नव्हता, अख्खा बँड खरोखर वाजत होता. शब्द त्याला कळत नसत, पण "ड्रमवाला हातानं वाजवून राहिला गा," म्हणत तो एकेक गाणं आपल्या ड्रमवर बसवत होता. मी ती एका दिवसासाठी मागून नेली, वरून भरता यावं म्हणून कडेच्या भोकांत कागद कोंबला आणि तिच्यावर सिनेमाची गाणी भरली. "मशीननं खाल्ली," असं त्याला सांगितलं. तो एवढंच म्हणाला, "शेवटचं गाणं अर्धंच बसलं होतं गा." बारा-तेरा वर्षांनी मोबाइलवर तोच अल्बम सापडला. तो जराही जुना वाटला नाही, आणि माझं खोटंही नाही. सांगितल्याशिवाय परतायचं नाही, असं ठरवून मी गोरेगावच्या एसटीत बसलो. त्याच्या घरी मोबाइलवर शेवटचं गाणं लावताच त्याची बोटं मांडीवर अचूक चालू लागली आणि मधेच थांबली. "इथपर्यंतच येते मले," तो हसत म्हणाला. मी म्हणालो, "मशीननं नाई खाल्ली गा. मीच पुसली. माफ कर मले."