समरीनच्या खोलीतला बुरा

समरीन बऱ्हाणपूरची. लग्न होऊन रत्नागिरीत आली तेव्हा तिला फक्त उर्दू येत होती आणि सासूला, बिल्किसला, फक्त इथली मराठी. नवरा अमन कतारला निघून गेला आणि दोघींना एकमेकींवर सोपवून मोकळा झाला. हे घर आपल्याला ठेवून घेईल ना, एवढी एकच धास्ती समरीनला होती. म्हणून ती कान टवकारून एकेक शब्द वेचायची.

पावसाची झड लागली होती. सासू शेजारणीला सांगत होती, “ही आयली, हिचा कपाट आयला, नि खोलीत बुरा आयला.”

बुरा! म्हणजे वाईट. अब्बांनी हौसेने दिलेल्या कपाटाने कुणाचं काय वाईट केलं? बरं, हीच सासू तिच्या खोकल्यासाठी काढा उकळायची, पापलेटाचा मधला तुकडा तिच्याच ताटात वाढायची. मग खरं काय? बिचारीला काही म्हणजे काही उलगडेना.

एका सकाळी बिल्किस फोनवर अमनला म्हणाली, “बुरा लय वाढला. आज मी तिला खोलीतनं भायेरच काढतंय.”

समरीनने बॅग भरली.

ती निघाली तोच बिल्किस तोंडावर जुनी ओढणी घट्ट बांधून, हातमोजे घालून, बादली घेऊन आली. खिडक्या सताड उघडल्या. बॅग बघून खूश झाली. “शाणी गो माजी बाय! कपडे आधीच काढलेस. बुरा कपड्यांना पण लागतो.”

“अम्मी, मैं इतनी बुरी हूँ?” समरीनला रडू फुटलं.

‘बुरी’ ऐकून बिल्किसला वाटलं, ही बुऱ्याचंच विचारतेय. मग तिने कपाट पुढे ओढलं. मागची भिंत बुरशीच्या काळ्या-हिरव्या ठिपक्यांनी भरली होती.

“ह्यो बुरा! कपाट भिंतीला चिकटवलास, वारा जाईत नाय. ओल्या फडक्यानंच पुसूक व्हया, सुका घासला तर उडून छातीत जाईल. तुला आधीच दमा. जा भायेर, भिंत सुकेस्तवर आत येव नको!”

“हम इसे फफूंद बोलते हैं. बुरा मतलब ख़राब,” समरीन पुटपुटली.

तेव्हा कुठे बिल्किसच्या डोक्यात उजेड पडला. अख्खा पावसाळा ही पोर मनात हे घेऊन आपल्या हातचं जेवत होती.

त्या घरात बुरा आता कुणी म्हणत नाही. लोणच्यावर आला तरी बिल्किस “फुफुंद” म्हणते, आणि गोंधळते ती शेजारीण.