नवरी काठावर आली तेव्हा

काश्मीरमधल्या त्या गावात नदी हीच सीमा आहे. गाईड सांगत होता, "लग्नाआधी नवरीला काठावर आणतात. पलीकडचे नातेवाईक तिथूनच आशीर्वाद देतात." तेवढ्यात खरोखरच एक नवरी आली. पलीकडे तिची सख्खी मावशी येऊन उभी होती.

आमची कॉलेजची सहल नवरीभोवती गोळा झाली.

"वहिनी, इकडे बघा!"

"अरे, भाभी म्हण, मराठी कुठे कळतंय!"

कुणीतरी पलीकडे तोंड करून घोषणा दिल्या, मग सगळ्यांनीच. नवरीची आई विनवत होती, "बेटा, ज़रा हटो." "बस एक फोटो, आंटी!" गोंगाट ऐकून पलीकडचा शिपाई आला आणि मावशीला काठावरून घेऊन गेला.

आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. शिकलेल्या माणसांबद्दल असं लिहायला हात अडखळतो, पण मला किळस आली. ज्यांचं पलीकडे कुणीच नाही, त्यांना ओरडणं सोपं असतं. नदीने घर तोडलं, तरी नजर जाईल एवढी वाट ठेवली होती; ती आम्ही बुजवली.

नवरी रिकाम्या काठाकडे ओढणी हलवत राहिली. बसमध्ये सर म्हणाले, "नशीबवान आहात पोरांनो, लग्नही बघायला मिळालं."