आतोबांची पाण्यावरची गाडी

आमच्या आतोबांनी ‘सरका’ म्हटलं आणि माणूस सरकला नाही, असं या मराठवाड्यात आजवर घडलेलं नाही. आणि मी ‘उठा’ म्हटलं आणि माणूस उठला, असंही घडलेलं नाही. त्यांच्यावरच्या माझ्या रागाचं मूळ एवढंच आहे. राग हा शब्दही मी लाजेखातर वापरते. खरा शब्द मत्सर.

आतोबा म्हणजे माझ्या सख्ख्या आत्याचे यजमान. सगळी नोकरी त्यांनी एसटीत कंडक्टर म्हणून केली. निवृत्तीच्या दिवशी डेपोनं त्यांच्याकडून मशीन, बॅग आणि बिल्ला परत घेतला, पण कंडक्टर काढून घ्यायचा राहून गेला. आजही घरातून बाहेर पडताना ते चौकटीवर बोटांच्या पेरांनी दोनदा टकटक करतात, आणि ती टकटक होईपर्यंत आत्या स्कूटी सुरू करत नाही. घरात बसायचं तर दाराजवळ, तोंड माणसांकडे करून. दवाखान्यात नंबर लावून बसले असतील तर पाच मिनिटांत तिथल्या बाकांची नव्यानं मांडणी होते. ‘ऊठ रं राजा, मावशीला टेकू दे’ म्हटलं की मोबाइलमध्ये बुडालेला पोरगा उठतो, आणि वर ओशाळून हसतो. विहारात वंदनेला गर्दी झाली की आमचे कार्यकर्ते माइकवरून ओरडून घसा बसवतात. आतोबा माइकला हात लावत नाहीत. दारात उभे राहून घरगुती आवाजात म्हणतात, “आत लई जागा हाय, दारात कामून दाटी करता?” आणि लोक आत जातात. आत जागा नसतेच. तरी जातात.

मी मात्र पुस्तिकांवर वाढले. जयंतीच्या गर्दीत अण्णा, म्हणजे माझे वडील, घडीचं टेबल मांडून पुस्तिका विकत आणि मी टेबलाखाली बसून छपाईत बिघडलेल्या प्रती वाचत असे. काहींची शेवटची पानं नसत, म्हणून लहानपणी मला वाटे की क्रांती साधारण चोविसाव्या पानावर थांबते. पुढे मी स्वतः लिहू लागले. अन्याय दिसला की मला आधी शीर्षक सुचतं, मग वाईट वाटतं. माझी पत्रकं धारदार असतात असं सगळे म्हणतात आणि घडी करून खिशात घालतात. एकदा उस्मानपुऱ्याच्या चौकात मी दोन तास पत्रकं वाटत होते, तेव्हा भाजीची पिशवी घेऊन उभे राहून आतोबा बघत होते. शेवटी म्हणाले, “भाची, उभ्या माणसाला कागद दिला तर तो वाचील कसा? आधी बसायला जागा दे. बसला की माणूस आपसूक वाचतो.” मी त्यांना सांगितलं की हा प्रश्न बसण्याच्या जागेचा नाही, व्यवस्थेचा आहे. ते म्हणाले, “मी तेच म्हणलो की.”

निवृत्तीनंतर वर्षभर ते घरात कोंडलेल्या बसगाडीसारखे घरघरत होते. मग कुणीतरी मोबाइलवर त्यांना परदेशातला तरंगता बाजार दाखवला. होड्यांत बसलेल्या बायका, होड्यांत फळं, होड्यांत शिजणारा भात. आतोबांनी तो व्हिडिओ आत्याला दाखवला, मला दाखवला, कटिंगवाल्याला दाखवला आणि जाहीर केलं, “आपल्याकडं पाणी हाय, बाया हायत, काकडी हाय. मग अडचण काय?” धरणामागं पसरलेलं गोदावरीचं पाणी आमच्यापासून तासा-दीड तासावर. तिथल्या एका भोई वस्तीत ते चार महिने जात राहिले आणि अखेर ‘एक दिवस नदीकाठी’ सुरू झालं. रविवारी सकाळी सातला जीप निघते. आधी जाळं विणणं बघायचं, मग पाणी ओसरल्यावर उघड्या पडलेल्या गाळातली काकडीची वाडी बघायची, दुपारी वस्तीवर माशाचं कालवण आणि भाकर, आणि उन्हं कलली की मोटारबोटीतून पाण्यात जाऊन तरंगता बाजार. बाजार म्हणजे पाच होड्या. एकीत तळलेले झिंगे, दोन होड्यांत काकड्या, एकीत चहा, आणि पाचवीत काय असेल ते त्या बाईच्या मनावर.

ह्या बायकांना तयार करणं सोपं नव्हतं. त्यांच्यात वयानं मोठी सखुबाई. तिनं तोंडावरच विचारलं होतं, “कंडक्टर, काठावर बूड टेकून विकता येतंय, तर पाण्यात डुलत कामून विकावं?”

“काठावर गिऱ्हाईक थांबतं का?” आतोबा म्हणाले. “जीपमधून उतरतं, फोटू काढतं, जीपमध्ये बसतं. पाण्यात एकदा धरलं तर जाईल कुठं?”

हा विचार मी ऐकला आणि पेटून उठले. एकाच बैठकीत चार पानी पत्रक लिहिलं, ‘कष्टकऱ्यांचे प्रदर्शन मांडणाऱ्यांनो, खबरदार!’ काठावर उभी राहून ते मी स्वतः वाटलं. आतोबांनी एक प्रत घेतली, चष्मा लावून पूर्ण वाचली आणि म्हणाले, “लई झ्याक. अजून हायेत का?” पुढच्या रविवारपासून ते प्रत्येक प्रवाशाच्या हातात जीपमध्ये बसल्या-बसल्या ती चार पानं देऊ लागले, “आमच्या भाचीनं लिवलंय, वाचा,” असं सांगून. माझ्या आयुष्यात पहिल्यांदा माझं पत्रक लोकांनी शेवटच्या ओळीपर्यंत वाचलं. एका प्राध्यापकानं तर आतोबांना विचारलं, “पण हे तुमच्याच विरोधात आहे ना?” आतोबा म्हणाले, “मंग? गाडीत तक्रारवही नसती का?”

सांगा, अशा माणसाशी भांडायचं कसं?

तरीही हे सगळं मी सोसलं असतं. सखुबाईचं मात्र मला सोसवेना. त्या पाण्याखाली बुडालेल्या गावांवर मी पुस्तक लिहीत होते. पत्रक नव्हे, पुस्तक, माझं पहिलं. कागदपत्रं जमवली, नकाशे मिळवले, सगळी प्रकरणं झाली, फक्त शेवटचं राहिलं होतं. ते पिंपळटाकळीचं. ते गाव डोळ्यांनी पाहिलेलं आणि अजून बोलण्याच्या स्थितीत असलेलं त्या वस्तीवर एकच माणूस होतं, सखुबाई. गाव उठलं तेव्हा ती परकर नेसायच्या वयाची होती. तिच्या साक्षीशिवाय माझं पुस्तक म्हणजे शेवटची पानं नसलेली प्रत. मी दोन वर्षं तिच्याकडे जात होते. एकेचाळीस प्रश्नांची यादी घेऊन, मोबाइलवर रेकॉर्डिंग चालू करून. दोन वर्षं ती मला चहा पाजून परत पाठवत होती. कधी जाळं फाटलेलं, कधी सून माहेरी गेलेली, कधी डोकं दुखायलेलं. आणि हीच बाई आतोबांच्या एका शब्दावर काकड्या घेऊन पाण्यात उतरत होती.

म्हणून मे महिन्यातल्या एका रविवारी, तत्त्वं क्षणभर बाजूला ठेवून, मी आतोबांच्या जीपमध्ये बसले. डाव साधा होता आणि कबूल करते, त्यांच्याकडूनच उचललेला होता. पाण्यात एकदा धरली तर सखुबाई जाईल कुठं?

दिवसभर मी आतोबांना बघत होते आणि आतून जळत होते. दोन जीपांत मिळून चौदा प्रवासी होते, शहरातल्या छावणी भागातलं एक कुटुंब, दोन बँकवाले, काही कॉलेजच्या मुली. दुपारच्या भाकरीपर्यंत आतोबांना त्यांतल्या प्रत्येकाचं मूळ गाव, त्या गावाला जाणारी गाडी आणि ती गाडी कुठल्या फाट्यावर चहाला थांबते हे ठाऊक झालं होतं. ह्या चौदा जणांना मी विस्थापनाबद्दल चांगली दहा मिनिटं सांगितलं. एका मुलीनं मान डोलावली. नंतर कळलं, तिच्या कानात गाणं चालू होतं.

संध्याकाळी आम्ही मोटारबोटीत चढलो. पाणी खूप मागं हटलेलं, त्यामुळे बोट नेहमीपेक्षा आतून, खोलातून न्यावी लागत होती. सगळे चढण्याच्या ठिकाणीच, म्हणजे मागच्या बाजूला, घोळका करून उभे राहिले. बोट काठापासून बरीच आत आल्यावर आतोबांनी मागं वळून ती दाटी पाहिली आणि इतक्या वर्षांची सवय जिभेवर आली. “चला, पुढं सरका, पुढं सरका! मधी लई जागा हाय!”

चौदाच्या चौदा जण सरकले. ही माणसं जन्मभर एसटीनं हिंडलेली. कंडक्टरनं पुढं सरका म्हटल्यावर सरकायचं असतं, मग खाली रस्ता असो की नदी. सगळं वजन पुढच्या टोकाला गेलं, बोटीचं नाक पाण्यात वाकलं, मागचा पंखा अर्धा वर येऊन हवेत खरखरू लागला, आणि नावाडी, जो आतोबांना फार मानतो, तो किंचाळला, “कंडक्टर साब, नाव है ये, बस नहीं!”

नावाडी सोडला तर मी एकटी मागं होते. मी हुकमावर सरकत नाही, हे माझं तत्त्व. उठून लोकांना सावरायला निघाले तर नावाडी माझ्यावरच ओरडला, “ताई, तुम वहींच बैठो! तुम्हारेच वजन पे टिकी है!” एवढी वर्षं मी चळवळीला वजन यावं म्हणून झटत होते. ते असं आलं.

भ्यालेली माणसं पुढच्या कठड्याला घट्ट धरून बसली. कुणी जागचं हलेना. नावाड्यानं बोट तिथंच थांबवली, पण वारा होता म्हणून इंजिन चालू ठेवलं. लांबून बाजाराच्या बायकांना वाटलं, बोट अडकली. पाचही होड्या वल्हवत आमच्याकडे आल्या आणि पुढच्या टोकाला भिडल्या. सखुबाई सर्वांत आधी. छावणीतली एक बाई रडायला लागली होती, म्हणून आतोबांनी माणसांचं लक्ष दुसरीकडे वळवायला सुरुवात केली. डेपोतल्या जुन्या भाडेतक्त्यात ज्या गावांवर लाल रेघ मारलेली होती, ती सगळी बुडीत गावं त्यांना क्रमानं पाठ आहेत. हात उंच करून ते थांबे पुकारू लागले. “सोनवाडी... बोरखेडी फाटा...” लोक हसायला लागले. “पिंपळटाकळी! पिंपळटाकळीला हाय का कुणी उतरणारं?”

“मी हाय,” सखुबाई म्हणाली.

तिच्या हातात काकडी होती, दुसऱ्या हातात मिठाची पुडी. आतोबांचा वर केलेला हात हळूच खाली आला. हसले नाहीत ते. वाकून त्यांनी तिच्या होडीचा काठ धरला, जसं म्हाताऱ्या बाईला उतरताना दार धरतात, आणि विचारलं, “कुठं उतरायचं, आक्का?”

“पारापाशी. वेशीच्या अलीकडं.”

एवढंच मला ऐकू आलं. मग वारा फिरला आणि माझ्या पायाशी इंजिन फटफटत राहिलं. सखुबाई बोलत होती. दोन वर्षं जी माझ्याशी बोलली नव्हती ती बाई बोलत होती, पंचवीस हातांवर, आणि मला तिचे ओठ तेवढे दिसत होते. तिनं काकडी पाण्यावर रोखली, डावीकडं, मग जरा पुढं, मग एकदम जवळ, बोटीच्या बुडाखाली. ती रोखेल तिकडे चौदा माना वळत होत्या. एका बँकवाल्यानं शूटिंगसाठी वर केलेला मोबाइल खाली घेतला. मी नावाड्याकडे बघून हात जोडले, इंजिन बंद करा म्हणून. त्यानंही हात जोडले. मी उठू शकत नव्हते. जागची हलले असते तर ती सगळी माणसं सखुबाईच्या गावात गेली असती.

माझ्या मोबाइलमध्ये त्या संध्याकाळचं सतरा मिनिटांचं रेकॉर्डिंग आहे. फटफट, फटफट, फटफट.

काठावर उतरल्यावर मी चौदाही जणांना विचारलं, पण त्यांना काकडी कुणीकडं रोखली तेवढंच आठवत होतं. परतताना जीपमध्ये मी आतोबांना धरलं. “काय सांगितलं तिनं?”

“घर कुठं होतं ते.”

“आणखी?”

“आणखी बी सांगितलं.”

“काय, आतोबा? माझं पुस्तक अडलंय!”

“भाची, तिनं मला सांगितलंय व्हय? ती उतरताना बोलली. उतरणाराचं बोलणं मी दुसऱ्याला कसं सांगू? तिलाच इचार की.”

दुसऱ्याच दिवशी मी वस्तीवर गेले. सखुबाई दारात जाळं पसरून बसली होती. मी म्हटलं, काल जे सांगितलंत ते मला सांगा. तिनं माझ्याकडे असं पाहिलं जसं पुन्हा जेवायला मागणाऱ्याकडे पाहतात. “सांगितलं की. तू व्हतीसच की तिथं.”

“मला ऐकू नाही आलं.”

“मंग जवळ यायचं.”

“मी उठले असते तर बोट बुडाली असती, मावशी!”

यावर ती इतकी हसली की तिला ठसका लागला आणि सून पाणी घेऊन बाहेर आली. मग डोळे पुसत ती म्हणाली, “आता नाय व्हणार, बाई. झालं ते एकदा.”

“पण त्यांनाच का सांगितलं? मी दोन वर्षं विचारतेय.”

ती जाळ्याची गाठ ओढत राहिली. मग म्हणाली, “तू इचारतीस काय काय गेलं. त्यानं इचारलं, कुठं उतरायचं.” आणि जाळ्याचं दुसरं टोक माझ्याकडे टाकून म्हणाली, “धर जरा. ताणून धर.”

ते टोक धरून मी अंधार पडायला लागेपर्यंत बसले. ती सुनेबद्दल बोलली, झिंग्यांबद्दल बोलली, गावाबद्दल एक अक्षर नाही. मीही विचारलं नाही. पुस्तक यंदा छापायला जाईल. शेवटच्या प्रकरणात पिंपळटाकळीचं नाव आणि कागदपत्रांतली चार वाक्यं आहेत. त्यापुढे पान कोरं.

मत्सर संपला असं म्हणवत नाही. पूर्वी तो लोक त्यांचं ऐकतात याचा होता. आता त्यांनी जे ऐकलं त्याचा आहे. माझ्या कानावर पडलं असतं तर आठवडाभरात त्याचं पत्रक निघालं असतं, ठळक शीर्षकासकट. त्यांच्याजवळ ते तसंच आहे, न मोडता, न छापता. अलीकडे त्यांचे गुडघे दुखतात, जिना चढताना ते दोनदा थांबतात, आणि मला उगाच भीती वाटते. अधूनमधून संध्याकाळी ते आमच्याकडे जेवायला येतात. मी समोर बसून त्यांचा चेहरा बघत राहते. पार कुठं होता, वेस कुठं, तिचं दार कुठल्या अंगाला उघडायचं, सगळं त्या माणसाला ठाऊक आहे, आणि एक अख्खं गाव पोटात घेऊन तो माझ्या आईला म्हणत असतो, “वहिनी, अजून अर्धी भाकर चालंल.”