मागाच्या आवाजात बोललेलं

लालासाब मागवाला बोलायचा भारी, पण आवाज न काढता. इचलकरंजीत यंत्रमागाच्या शेडमध्ये ज्यांनी जन्म घालवला, त्यांना ह्यात नवल वाटायचं नाही. माग सुरू झाले की घसा फोडून ओरडलं तरी शेजारच्याला ऐकू जात नाही. मग माणसं नुसते ओठ हलवतात आणि समोरचा ते वाचतो. लालासाब आणि पलीकडच्या मागावरचा आकाराम अशा दिवसभर गप्पा हाणायचे.

कोल्हापूरहून निशा नावाची पोरगी कॅमेरा घेऊन आली. कामगारांवर माहितीपट करणार होती. शेडबाहेर तिनं विचारलं, "काका, मजुरीवाढीचं काय?"

आता काय सांगणार, कप्पाळ! लालासाबची खोली मालकाची, शेडच्याच पाठीला. बायको खैरुनबी, लेक नाजिया, सगळा संसार तिथं. काम गेलं की छप्पर पण गेलं. तो म्हणाला, "आमचा मालक लई चांगला माणूस हाय." आणि स्वतःवरच चिडला.

मग शेडमध्ये शिरायच्या आधी निशा म्हणाली, "इथला आवाज वापरणार नाही काका, वर संगीत टाकणार." हे ऐकून गड्याचा जीव मोकळा झाला. आत माग धडधडत होते; कॅमेरा तोंडासमोर असतानाच त्यानं ओठांनी आकारामला सांगून टाकलं, "दिवाळीनंतर संप. पहिला माग मीच बंद करतोय बघ."

दसऱ्याच्या आधी गावातल्या सभागृहात माहितीपट दाखवला. शेडमध्ये येऊ दिलं म्हणून निशानं मालकाला, गणपतरावाला, पुढच्या रांगेत बसवलं. गणपतरावानं हाक मारली, "ये की हिरो, माझ्याजवळ बस."

पडद्यावर लालासाबचं तोंड भिंतीएवढं आलं. सनई वाजत होती आणि ओठ हलत होते. मागच्या रांगेत कुणीतरी हसलं, मग सगळ्या मागवाल्यांनी टाळ्या पिटल्या. निशाला वाटलं, सनई आवडली. लालासाबला मात्र शेजारी कोण बसलंय ते आठवलं. गणपतराव मालक व्हायच्या आधी मागवालाच होता. एवढंच कशाला, शेडमध्ये नव्यानं आलेल्या लालासाबला ओठ वाचायला त्यानंच शिकवलं होतं. आणि हा शहाणा ते विसरला! मालकासमोर खाली मान घालून उभं राहायची सवय, त्याच्या तोंडाकडं बघितलंय कोण इतक्या वर्षांत?

दिवे लागले. गणपतराव त्याच्याकडं वळला आणि नुसत्या ओठांनी म्हणाला, "सगळ्यांचे माग बंद पडले तरी तुझा चालू पायजे. न्हाईतर खोली रिकामी कर." मग त्याच्या पाठीवर थाप मारून तो निशाला शाल-नारळ द्यायला स्टेजवर गेला.

लालासाब उठून मागं वळला. दोन रांगा सोडून आकाराम उभा होता. त्याचे ओठ विचारत होते, "काय म्हणाला मालक?" त्याच्यामागं सगळी शेड लालासाबच्या तोंडाकडं बघत होती.

लालासाबनं खिशातला रुमाल काढला आणि तोंडावर धरला.