‘आता मी’ आणि मध्येच घुसलेला मेहुणा

शेजाऱ्यांनी त्याला भोंगा म्हणायला सुरुवात केली त्याला पुष्कळ वर्षं झाली. सॅक्सोफोन वाजवणाऱ्या माणसाला शेजारी दुसरं काय म्हणणार? तसा तो शेजारधर्म पाळायचा. रियाजाच्या वेळी कपड्यांचं कपाट उघडायचा आणि वाद्याचं तोंड टांगलेल्या कोटांमध्ये खुपसायचा, म्हणजे आवाज लोकरीत जिरावा.

“या कोटांना आता तुमच्यापेक्षा जास्त येत असेल,” बायको म्हणायची. “उद्या तुमच्याऐवजी एखादा कोटच पाठवा हॉटेलात वाजवायला. निदान मधूनमधून गप्प तरी बसेल.”

हॉटेलातल्या चहाच्या दालनात भोंगा, पियानोवर त्याचा मेहुणा आणि बास-ड्रमवाले दोघं अशी चौकडी संध्याकाळी मऊ मऊ धुना वाजवायची. मॅनेजरचा हुकूम एकच होता: गिऱ्हाइकाला स्वतःचं बिस्कीट चावल्याचा आवाज आला पाहिजे. वीस वर्षं भोंग्यानं बिस्किटाचा मान राखला. दुसऱ्यांच्या रेकॉर्डवरही तो पुष्कळ वाजला. पण कव्हरवर नाव गाणाऱ्याचं, फोटो गाणाऱ्याचा, आणि भोंगा ‘इतर वादक’ या गर्दीत. ‘इतर’ हे आडनाव लावून जगणं सोपं नसतं.

त्याचा जीव होता हार्ड बॉपवर. जॅझमधला हा जरा अंगावर येणारा प्रकार. खाली ड्रम तापलेला, मधे ब्लूजचं जुनं दुखणं आणि वर सॅक्सोफोन बाह्या सरसावून उभा. या बाजाची एक रेकॉर्ड करायची आणि कव्हरवर नाव आपलं एकट्याचं, एवढंच भोंग्याचं मागणं होतं. शेवटी त्याचा शाळासोबती असलेला एक स्टुडिओवाला भिडेखातर तयार झाला. रेकॉर्डचं नाव भोंग्यानं स्वतःच ठेवलं: ‘आता मी’.

“आणि आम्ही?” मेहुण्यानं विचारलं.

“तुम्ही आहात की. मागच्या बाजूला. खाली.”

“बारीक अक्षरात?”

“तू दिवसभर चष्म्याच्या दुकानात बसतोस ना? तुला दिसेल.”

स्टुडिओ म्हणजे जुन्या गाद्यांनी मढवलेली खोली. भोंग्याचा नियम कडक होता: एका धुनेचे टेक फार तर दोन, तिसरा म्हणजे शिळा. हे त्यानं कव्हरच्या मागे छापूनसुद्धा घेतलं. कुणी किती आवर्तनं वाजवायची ते ठरलेलं नसे, पण खूण ठरलेली होती. एकट्यानं वाजवायचा सोलो संपवताना भोंग्यानं वाद्य जरा वर उचलायचं, की पुढच्यानं शिरायचं. हॉटेलात वर्षानुवर्षं हेच चालत आलेलं.

चौथ्या धुनेत भोंगा चांगला रंगात आला, आणि नेमका तेव्हाच गळ्यातला पट्टा मानेच्या घडीत रुतला. त्यानं वाद्य जरा वर उचललं, पट्टा सरकवला आणि पुढची ओळ धरली. मेहुण्याला वाद्य वर गेलेलं दिसलं. त्यानं दोन्ही हातांनी पियानोत उडी घेतली. आता माघार कोण घेणार? एक अख्खं आवर्तन ते एकमेकांच्या उरावर बसून वाजवत राहिले. पियानो काही बोलला की सॅक्सोफोन तेच उलटं करून त्याच्या तोंडावर मारी. शेवटी भोंग्याचा दम संपला म्हणून तो थांबला.

“पुन्हा घेऊ,” मेहुणा म्हणाला. “तुम्ही वर उचललंत, भाऊजी.”

“पट्टा सरकवला मी! माणसानं मान हलवायची नाही का?”

“खूण ती खूण.”

“वीस वर्षं शेजारी बसतोस आणि तुला खूण आणि खाज यातला फरक कळत नाही?”

रागारागात घेतलेला दुसरा टेक इतका वाईट निघाला की स्टुडिओवाल्यानं पहिलाच ठेवला.

रेकॉर्ड आली आणि समीक्षक तिच्यावर तुटून पडले. एका साप्ताहिकानं लिहिलं, “कव्हर छान आहे.” पुढे काहीच नाही. दुसऱ्यानं लिहिलं, “वादकाला राग आलेला आहे एवढं समजलं. कशाचा, ते शेवटपर्यंत समजलं नाही.” पण खरी धास्ती होती ती दैनिकातल्या समीक्षकाची. धंद्यात सगळे त्याला कात्री म्हणत. स्टुडिओवाल्यानं तर स्पष्टच सांगितलं होतं: “कात्रीनं उचलून धरलं तर दुसरी रेकॉर्ड करू. नाहीतर तू परत ‘इतर’.”

कात्रीचा लेख बायकोनं नाश्त्याला मोठ्यानं वाचला. “‘हा वादक श्वास घेत नाही आणि ऐकणाऱ्यालाही घेऊ देत नाही. शिळ्या वाक्यांना फोडणी दिली म्हणून ती ताजी होत नाहीत.’”

“पुरे.”

“थांबा हो, पुढे चांगलं आहे. ‘चौथ्या धुनेत पियानोवादक धाडसानं मध्ये पडतो. सबंध रेकॉर्डमध्ये जिवंत असं तेवढंच एक आवर्तन आहे.’” तिनं पेपर खाली ठेवला. “माझा भाऊ हं तो.”

“धाडस? गाढव चुकलाय!” भोंगा ओरडला आणि चहा तसाच टाकून निघाला.

कात्री सापडला न्हाव्याच्या दुकानात. तोंडाला फेस, गळ्याशी वस्तरा.

“ती चूक आहे!” भोंग्यानं दारातूनच सुरुवात केली. “चौथ्या धुनेतली. माझा मेहुणा भलत्या वेळी घुसला. तुम्ही चुकीलाच आरती ओवाळलीत!”

“मान हलवू नका,” न्हावी कात्रीला म्हणाला, आणि भोंग्याला, “भांडण बाहेर.”

“आत्ताच बोलणार. दुसऱ्याच्या गळ्यावर हे रोज वस्तरा फिरवतात, आज यांनाही कळू दे.”

“चूकच वाटली मला ती,” कात्री फेसातून शांतपणे म्हणाला.

“मग?”

“मग काय? बाकी सगळ्या धुनांत पुढे काय येणार ते मला आधी कळत होतं. तुम्हालाही कळत होतं. तिसरा टेक घेत नाही म्हणून कव्हरवर मिरवलंत, पण वीस वर्षं एकच टेक वाजवताय. या वेळी जरा जोरात, एवढंच. त्या आवर्तनात तेवढं तुम्हाला पुढचं माहीत नव्हतं.”

भोंग्यानं एक अपशब्द हासडला. आणि तो तडक घरी आला.

कात्रीला खोटं पाडायचंच म्हणून त्यानं रेकॉर्ड लावली. पहिल्या तिन्ही धुनांत त्याची बोटं खुर्चीच्या हातावर आपोआप चालत होती, आणि रेकॉर्डच्या अर्धी ओळ पुढेच. चौथी आली. पट्टा सरकला, पियानो घुसला, आणि बोटं जागच्या जागी थांबली. त्यानं सुई मागे घेतली. बोटं पुन्हा थांबली.

“मेला,” तो म्हणाला. कुणाला, ते त्यालाही ठाऊक नव्हतं.

रविवारी मेहुणा बहिणीकडे जेवायला आला, लेखाचं कात्रण खिशाबाहेर डोकावेल अशा बेतानं. जेवणं चालू असताना स्टुडिओवाल्याचा फोन आला.

“रेकॉर्डच्या दुकानात येतो तो चौथीच धून मागतो,” तो म्हणाला. “दुसरी रेकॉर्ड करायला मी तयार आहे. पण ती तुम्हा दोघांची. कव्हरवर दोघांची नावं, नाहीतर राहू दे.”

भोंग्यानं फोन दुसऱ्या कानाला लावला. हातावरचं कालवण वाळत चाललं. एवढ्या वर्षांनी कव्हरवर एकटा चढला होता. आता पुन्हा सरकून जागा करायची, आणि तीही या माणसाला!

“काय म्हणतोय?” मेहुण्यानं विचारलं, जणू त्याला अंदाजच नव्हता.

“दोघांची लिही,” भोंगा फोनमध्ये म्हणाला. दाढ उपटल्यासारखा चेहरा झाला. “सारख्या अक्षरात. पण माझं वर.”

“वर का?” मेहुणा ताटावरून उठलाच.

“वयानं मोठा आहे मी!”

“मग वयाची रेकॉर्ड काढा! लोक मागतात ते आवर्तन कुणी सुरू केलं?”

“चुकून!”

“चुकून का होईना, केलं! तुम्हाला चुकून तरी काय जमलंय?”

“अकलेप्रमाणे लावा नावं,” बायको पोळी वाढत म्हणाली, “म्हणजे दोन्ही खालीच जातील.”

तिच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही. दोघं एकाच वेळी बोलत होते आणि दोघंही एकमेकांचं शब्दन् शब्द ऐकून तो उलटा करून मारत होते. टेबलावर टाकलेल्या फोनमधून स्टुडिओवाला जीव तोडून ओरडत होता, “अरे थांबा! तिथे नका संपवू! इकडे स्टुडिओत येऊन भांडा!”